हौसाकाकूंची सुमन

आयटी पार्कशेजारच्या माण गावात खोली मिळवायला मला परीक्षा द्यावी लागली. हौसाकाकूंनी कंपनीचं ओळखपत्र, आधारकार्ड काही बघितलं नाही. हातात मोबाईल दिला. त्यावर कोरियन मालिका चालू होती.

"खालचं इंग्रजी वाच आन् मराठीत सांग. पळतंय ते, पटापटा!"

मी धापा टाकत दोन प्रसंग सांगितले.

"वरची खोली तुझी. रोज सातला खाली यायचं."

झालं! दिवसा मी आयटीवाली, संध्याकाळी काकूंची दुभाषी. मालिकेतल्या एका नटीवर काकूंचा भारी जीव. कोरियन नाव जिभेवर बसेना, म्हणून काकूंनी तिचं बारसंच उरकलं: सुमन. सुमन तरुणपणी सिनेमातली मोठी हिरॉईन. पुढं सिनेमे कमी झाले, मोबाईलवरच्या मालिका आल्या, नवे चेहरे आले. सुमन आधी थोरली बहीण झाली, मग आई, आता सासू. एका भागात जेमतेम दोन प्रसंग.

"एवढंच काम?" मी एकदा बोलून गेले.

काकू उखडल्याच. "एवढंच म्हंजे? आमची भातखाचरं गेली, आमी खोल्या बांधल्या. तिचं पिक्चर गेलं, ती हितं आली. रुसून बसली न्हाई. आन् ती आली की बाकीची समदी फिकी पडत्यात, बघ की!"

खरंच पडायची. सुमन नुसता चहाचा कप खाली ठेवायची आणि मी वाचायचं विसरायची.

पण ऑफिसातलं काम वाढलं, सातची हजेरी जिवावर येऊ लागली. अशात कळलं, ही मालिका हिंदीतही ऐकता येते. काकूंना हिंदी छान कळतं. सुटले बाई! रविवारी दुपारी ते बटण दाखवायला मी खाली गेले आणि दारातच थबकले.

आत सुमन हिंदीत बोलत होती. आम्ही अजून न पाहिलेला, संध्याकाळचा भाग. समोर काकू एकट्याच जेवत होत्या. मुलगा महाळुंग्याच्या फ्लॅटात गेल्यापासून त्या एकट्याच जेवतात. मला माझीच लाज वाटली. मी गुपचूप वर आले.

सातला हाक आली. मोबाईल पुन्हा कोरियनमध्ये.

"बघू बाई, आज काय व्हतंय सुमनचं!" काकू निरागसपणे म्हणाल्या.

भांडून निघालेल्या सुनेला सुमन दारात थांबवते, तो प्रसंग आला. सुमनकडं बघता बघता माझी एक ओळ निसटली.

काकू डोळे पुसत म्हणाल्या, "पोरी, मधलं येक वाक्य खाल्लंस."

मी मागं घेऊन वाचलं, "जेवून जा."

"व्हय," काकू दुसरं ताट घ्यायला उठल्या. "मग बस की."