गोगलगाईचा उपवास

"बापूजी, गोगलगाय रात्री जेवली तर पाप कोणाला लागतं?"

हा प्रश्न मी भर सभेत विचारला. माझ्या वर्गातल्या, पिंपळवंडीच्या प्रयागने पैजच लावली होती, "इचार की! भितीस व्हय? तुजी शाळा तर तशीबी बंदच व्हनार!" ते खरे होते. मला चौदावे लागले, तेव्हा आता घरात बसवावे, असे घरी ठरत आले होते. म्हटले, बसण्यापूर्वी एकदा उभे राहून घ्यावे.

प्रकरण असे. मास्तरांनी सांगितल्याबरहुकूम मी रुंद तोंडाच्या बाटलीत खडी, कोळसा, माती आणि कुकडी नदीकाठचे शेवाळ भरले. काचेला फार घाम सुटेना झाला, तशी बुचावर दुकानातली लाख ओतली. उन्हात ठेवायची नाही, सावलीच्या खिडकीत ठेवायची, की आतले पाणी आतच चढते आणि आतच उतरते. शेवाळाबरोबर एक गोगलगाय न विचारता आली. ती रात्री जेवे. आणि आमच्या जैन घरात सूर्यास्तानंतर कोणी घास घेत नाही.

बापूजी, म्हणजे माझे वडील चांदमल शेठ, भाकड-म्हाताऱ्या जनावरांना सांभाळणाऱ्या पांजरपोळाचे अध्यक्ष. सभेने गंभीर विचार केला. पाप रात्रीमुळे लागते, सबब रात्रच होऊ देऊ नये. बाटलीशेजारी कंदील आला. उजेड पाहून गोगलगाय शंखात शिरली, ती बाहेर येईना.

"उपास धरला गं बाईनं!" उगमकाकू म्हणाली. बाटलीला 'नसती घाण' म्हणणारी हीच काकू आता खिडकीशी बसून तिच्या दर्शनाला नारळ घेऊन आलेल्या बायकांना दरडावू लागली, "आधी पाय धुवा!"

माणिकचंदकाकांना शंका आली, "उपवास मर्जीचा आहे, हे तिला विचारलं कोणी?"

कोणीच विचारले नव्हते. पुन्हा सभा. बापूजींनी ठराव मांडला, "खाणेपिणे पुरवले तरी जिवाला मर्जीवाचून कोंडणे ही हिंसाच होय." एकमताने मंजूर. गोगलगाईला वाजतगाजत कुकडीकाठी सोडले. बापूजींना रडू आवरेना.

घरी येऊन त्यांनी डोळे पुसले. "उद्यापासून तुझी शाळा बंद. घरात काय कमी आहे? खायला आहे, प्यायला आहे, खिडकी आहे."

"बाटलीसारखी जपू गं तुला," आई म्हणाली.

"मग माझंही ठरलं," मी म्हणाले. "उद्या मी पांजरपोळाच्या सभेत येणार, गोगलगाय म्हणून. वाजंत्री मात्र बऱ्याच दिवसांची सांगा बापूजी. घरोघरी आहोत आम्ही."