बुरूजर्दी समोवाराचे स्वारीची हकीकत

श्रीमंत वाचक महाराज यांचे सेवेसी आज्ञाधारक सेवक, जातीचा दक्षिणी, पेशाने दुभाष्या, हल्ली मुक्काम दुशांबे शहर, चिनारांचे रस्त्यावरील चार मजली इमारत, वरचा मजला, याची विज्ञापना ऐसीजे. आपण पुसिले की आमचे खालचे मजल्यावर समोवाराचे जे राजकारण जाहले, त्यात खरे काय आणि जिन्यातील गप्पा काय, ते लिहून पाठवावे. त्यावरून जैसे जिन्यात ऐकिले, सज्जातून पाहिले आणि दारोदारी चहा पिऊन पडताळिले, तैसे लिहिले असे. पदरचा मीठमसाला घातला असेल तर तो चवीपुरता.

प्रथम मुलखाची व्यवस्था. या भागी भाषा एक आणि दौलती तीन. इराणी तीस फारसी म्हणतात, अफगाण दरी म्हणतात, आमचे ताजिक ताजिकी म्हणतात, आणि तिघेही छातीस हात लावून सांगतात की असल ती आमची, बाकीचे दोघे बोलतात ते कानास बरे वाटते इतकेच. ज्या मुलखी थोर कवीची कबर पडली तो मुलूख कवीस वडील म्हणवितो, आणि ज्याचे वाट्यास कबर आली नाही तो पुतळा उभारितो. त्यात लिपीचा घोळ. इराणी आणि अफगाण उजवीकडून लिहितात, आणि ताजिकांचे हाती रूसी अमलात डावीकडून चालणारी अक्षरे दिली गेली, त्यामुळे एका आईची लेकरे एकमेकांची चिठ्ठी वाचू शकत नाहीत. आमचे मराठी दफ्तरही याच भाषेचे उसनवारीवर चालले, कलम, दौत, कागद सारे त्यांचेच, म्हणोन हा सेवक त्यांस हसण्यास मोकळा नाही. तरी हसतो.

आता पक्ष. तिसरे मजल्यावर डावे दारी मेहरनाज खानम, बुरूजर्द शहरची इराणी, आणि तिचे यजमान बहमन, बोगद्याचे कामावरील इंजिनियर. उजवे दारी सबोहत, ताजिक, शाळेत गणित शिकविणारी, पुढील दोन दात सोन्याचे, आवाज ऐसा की तिने घरात बेरीज सांगावी आणि अंगणातून उत्तर यावे. आणि तळमजल्यास हैदर काका, हेरातचे अफगाण, गालिच्यांचे व्यापारी, ज्यांस कोणी विचारिले नाही तरी ज्यांची मसलत सर्वांस मिळते.

मेहरनाज खानमचे घरी काचेचे कपाट होते, कपाटात दिवा होता, आणि दिव्याखाली तिचे आईने, तूबा खानमने, लग्नात दिलेला बुरूजर्दी समोवार होता. पोटात निखारे घालून पाणी उकळावयाचा, चांदीसारखा लखलखीत, कमरेपाशी एक पोचा, तो आजीचे हातून पडला तेव्हाचा. चहा मात्र विजेचे किटलीत होत असे. आई फोनवर दर खेपेस पुसे की चहा कशात केलास, आणि मेहरनाज बिनदिक्कत सांगे, "समोवारात गं, आत्ताच उतरवला."

शरद ऋतूत मेहरनाजचे कुटुंब इमारतीत नवे आले, आणि सबोहत ताजी तंदुरी रोटी घेऊन भेटीस गेली, आणि तिची नजर कपाटावर पडली, आणि ती म्हणाली, "काय सुंदर आहे गं हा."

येथे दोन कायदे समजून घ्यावे. इराणी अदबीचा कायदा ऐसा की कोणी वस्तूची तारीफ केली म्हणजे धन्याने "तुमचीच आहे, घेऊन जा" म्हणावे, पाहुण्याने "धन्याच्याच घरी शोभते" म्हणावे, आणि वस्तू जागची हलू नये. ताजिकांचा कायदा ऐसा की पाहुण्यास वस्तू आवडली तर ती खरोखर द्यावी, आणि कोणी दिली तर घ्यावी, न घेतल्यास देणाराचे मन मोडते. दोन्ही कायदे थोर आहेत. फक्त एका खोलीत दोन्ही लागू करू नयेत.

मेहरनाज खानम बोलून गेली, "तुमचाच आहे, सबोहत आपा, घेऊन जा." सबोहतचे डोळे भरून आले, तिने मेहरनाजचे दोन्ही गालांचे मुके घेतले, समोवार कमरेवर घेतला आणि चालती जाहली. आणि लिहिण्यास लाज वाटते, परंतु तिचे हात भरलेले पाहून दार मेहरनाजनेच उघडून धरिले.

त्याच सांजेस खलबत जाहले.

"जा आणि सांग, चुकून बोलले म्हणून," बहमन म्हणाला.

"मी कशी सांगू? तू सांग."

"मी? बायकांच्या भांड्याकुंड्यांत मी पडत नाही."

"आई नवरोजला येतेय, बहमन. घरात पाऊल टाकेल आणि आधी कपाटाकडे बघेल. तिला काय सांगू? तिच्या आईचा समोवार मी तोंडदेखलं बोलून घालवला म्हणून?"

बहमनाने यावर आपले लोकांची प्राचीन अदब, आपण शेजारचे मुलखांस काय काय शिकविले, आणि या मुलखातील लोकांस बोलण्याचा अर्थ कसा कळत नाही, याचे व्याख्यान दिले. कपाटातील दिवा रिकाम्या फळीवर जळत होता, तो मात्र त्यास विझविण्याचे सुचले नाही.

मग पहिली स्वारी आडमार्गाने जाहली. मेहरनाज खानम सबोहतचे घरी चहास गेली. पाहते तो समोवार जेवणास जमिनीवर अंथरलेले दस्तरखानाचे मध्यभागी वाफा सोडीत बसलेला, पोटाखाली काळा पडलेला, आणि त्याचे डोईवरील चहादाणीत हिरवा चहा. बुरूजर्दचे सात पिढ्यांनी त्यात काळ्याखेरीज चहा केला नव्हता. तिने जीव गोळा करून म्हटले, "आमच्याकडे यावर काळा चहा करतात."

"आमच्याकडे पण करतात की," सबोहत म्हणाली. "सर्दी झाली की. तुला सर्दी आहे का गं?"

आणि शरबती औषध पाजून तिला घरी पाठविले.

पुन्हा पुन्हा स्वाऱ्या जाहल्या. समोवाराची तारीफ करावी तर पंचाईत, कारण आपण दिलेली वस्तू वाखाणणे म्हणजे परत मागणे, आणि ते मेहरनाजचे कायद्यात बसेना. म्हणोन ती आजूबाजूचे वाखाणू लागली, या आशेने की बोलणे फिरत फिरत मुद्द्यावर येईल. तिने भिंतीवरील भरतकामाची चादर वाखाणिली, ती चादर तिचे खांद्यावर आली. जर्दाळूचा मुरंबा वाखाणिला, बरणी हाती आली. भाताची परात वाखाणिली, परात डोईवर आली. हिवाळा सरला तेव्हा मेहरनाजचे घर लुटीने भरले होते, आणि जी एक वस्तू हवी ती गनिमाकडे रोज तापत होती.

मग हैदर काकांस वकील करून पाठविले. काका तयारीनिशी गेले, पगडी नवी बांधिली. सबोहतने त्यांस बसविले, भात वाढला, चहा ओतला, आणि वाद निघाला की असल भाषा कोणाची. काका म्हणाले की हेरातेत लोक शेर म्हणत होते तेव्हा बाकीचे मेंढ्या हाकीत होते. सबोहत म्हणाली की बुखाऱ्यात दरबार भरत होता तेव्हा हेरातचे लोक त्याच मेंढ्या विकावयास तिकडे येत. या मुद्द्यावर तीन चहादाण्या संपल्या. काका जिना उतरले ते गुणगुणत.

"काय झालं?" मेहरनाजने पुसिले.

"चहा फार उत्तम होता, बेटी."

"आणि समोवार?"

"त्याच्यामुळेच असणार," काका म्हणाले. त्यांचे बगलेत हिरव्या चहाचा पुडा होता, कारण त्यांनी चहा वाखाणिला होता.

आता नवरोज, म्हणजे वसंतातील वर्षारंभाचा सण, तोंडावर आला आणि आईचे विमानाचा दिवस ठरला. मेहरनाज खानमची झोप उडाली. तोंडाने मागवेना, म्हणोन तिने बोरू घेतला, जाड कागद घेतला, आणि शाळेत बक्षिसे मिळविली त्या वळणदार अक्षरात उजवीकडून लिहिले: सबोहत आपा, समोवार मी नुसता तोंडाने दिला होता. आमच्याकडे तसंच बोलतात. तो माझ्या आईचा आहे, ती येतेय, आणि तिला सांगायला माझ्याकडे तोंड नाही. परत द्याल का? मग कागद दाराखालून सरकविला आणि घरी येऊन बसली.

सबोहत शाळेतून आली आणि तिने कागद उचलिला. तिला रूसी वळणाखेरीज दुसरे अक्षर येत नव्हते. परंतु असली अक्षरे तिने लहानपणी ताविजांतील दुआंत पाहिली होती. तिने कागद डोळ्यांस लाविला, कपाळास लाविला, आणि बाजारी नेऊन सोनेरी चौकटीत बसवून समोवाराचे वर भिंतीस टांगिला. दुसरे दिवशी मेहरनाज निकाल ऐकावयास गेली तो आपली अर्जी काचेआड लखलखताना पाहिली.

"काय अक्षर गं तुझं," सबोहत म्हणाली. "आमच्या आजोबांचं असंच होतं. पुढे रूसी राज्यात असली पुस्तकं घरात सापडली तर माणसं उचलून न्यायचे, तेव्हा त्यांनी सगळी भिंतीत चिणून टाकली. मग एक दिवस त्यांनाही नेलं. पुस्तकं अजून भिंतीत असतील. वाचणारं मात्र घरात कोणी उरलं नाही." मग डोळे पुसून म्हणाली, "दुआ आहे ना? काय लिहिलंयस?"

मेहरनाज म्हणाली, "दुआच आहे, आपा."

हैदर काकांस वाचता येत होते. त्यांनी चौकट पाहिली, दोनदा वाचिली, आणि मजकूर थोर आहे असे सांगून पुढील पेला मागितला. सोळा आणे सत्य ठाऊक असून जो चहासाठी गप्प बसतो, त्यास या तिन्ही दौलतींत मुत्सद्दी म्हणतात.

मग नवरोजचे दिवशी तूबा खानम आली, ठेंगणी, काठी टेकीत, आणि घरात शिरताच तिने आधी कपाटाकडे पाहिले.

"समोवार कुठाय?"

"कल्हईला दिलाय, मादर," बहमन म्हणाला. बोगद्याचे कामावर हा माणूस म्हणे डोंगर फोडितो.

"समोवाराला आतून लागते कल्हई. वापरल्यावर," तूबा खानम म्हणाली, आणि इतक्यात सबोहत सणाची खीर घेऊन दारात उभी. "खाला, तुम्ही आलात. चला, आमच्याकडे दस्तरखान मांडलंय, सगळे चला." आणि म्हातारीचा हात धरून घेऊन गेली. मागून मेहरनाज गेली.

खोलीत इमारतीतील निम्मे लोक बसलेले. मध्ये समोवार खदखदत होता. तूबा खानमने त्याचे कमरेवरील पोचा पाहिला. हात पुढे केला, पोच्यावर बोट फिरविले, चटका बसला तरी काढिले नाही. मग वर चौकट पाहिली.

"खाला, तुम्हाला वाचता येत असेल," सबोहत म्हणाली. "तुमच्याच लेकीने लिहून दिलंय. आम्ही येता-जाता नुसते पाया पडतो. वाचून दाखवा ना सगळ्यांना."

तूबा खानमने चष्मा चढविला आणि मनात वाचले, सावकाश, शेवटापर्यंत. मेहरनाज दस्तरखानाची किनार बघत बसली. हैदर काकांनी पेला तोंडास लावून तसाच धरिला. म्हातारीने एकदा लेकीकडे पाहिले, एकदा भोवतीचे पेल्यांकडे, एकदा काळ्या पडलेल्या समोवाराकडे, आणि मोठ्याने म्हणाली, "लिहिलंय की, हा ज्या घरी रोज तापेल ते त्याचं घर. तिथला चहा कधी संपू नये, आणि येणारं माणूस कधी परकं होऊ नये."

सर्वांनी तोंडावरून हात फिरवून आमीन म्हटले.

"अक्षर छान आहे," तूबा खानम पुढे म्हणाली. "मला फार आवडलं."

त्यावर सबोहत उठली, तिने भिंतीवरील चौकट काढिली, एकवार छातीशी धरिली, आणि दिली. "घ्या, खाला. तुमचीच." ती वस्तू तिला प्यारी होती. बुरूजर्दचे कायद्याने येथे निदान तीन वेळा नको म्हणणे प्राप्त होते. तूबा खानम म्हणाली, "द्या," आणि चौकट बगलेत मारिली.

घरी आल्यावर मेहरनाज रडू लागली. "आई, चुकले मी. उद्या मी स्वतः जाऊन मागते."

"कशाला? लग्न झाल्यापासून फोनवर विचारतेय, चहा कशात केलास. तू म्हणायचीस, समोवारात. बाई गं, तुला दिल्यापासून आज पहिल्यांदा तो तापलेला बघितला." मग तिने फर्मान सोडिले की चौकट कपाटात दिव्याखाली ठेवावी, किटली माळ्यावर टाकावी, आणि चहाचे वेळेस सर्वांनी आपापला पेला घेऊन शेजारी हजर राहावे. बहमन काही बोलू गेला, तो म्हातारीने त्याचे हाती परात दिली, भाताची, आणि म्हणाली, "ही भरून ने. रिकाम्या हाताने जायचं नाही."

येणेप्रमाणे मोहीम फत्ते जाहली. समोवार मिळाला नाही, अर्जी परत मिळाली. तह ऐसा की समोवार उजवे दारी नांदावा, काळा चहा सर्दीखेरीजही करावा, आणि भाषा कोणाची हा वाद पहिली चहादाणी संपल्याविना काढू नये. तूबा खानम दोन आठवडे राहून परत गेली. जाताना तिने समोवाराचा पोचा पुन्हा एकदा चाचपिला.

एक कलम लिहावयाचे राहिले. भिंत ओकीबोकी दिसते म्हणोन सबोहतने दुसरी दुआ मागितली, आणि यावेळी आपणास ती वाचताही आली पाहिजे असे सांगितले. म्हणोन आता ती सांजेस मेहरनाजचे घरी बसून आजोबांची अक्षरे शिकते. गणिताची बाई, बुद्धी तल्लख, उजवीकडून भराभर चालते. मध्यंतरी एकदा धडा चालू असता तिने मान वळवून कपाटाकडे पाहिले, आणि बोट ठेवून, तोंडातल्या तोंडात जुळवून, पहिला शब्द वाचिला.

"मेहरनाज, हे तर माझं नाव आहे," ती म्हणाली, आणि आनंदाने रडली, आणि सारे इमारतीस सांगून आली. मेहरनाज खानमने त्याच दिवशी जर्दाळूचे मुरंब्याची रिकामी बरणी, भरतकामाची चादर आणि परात, ऐसे सबोहतचेच तोफखान्यानिशी ते कपाट झाकून टाकिले. तेव्हापासून मेहरनाज धडा पुढील अक्षरास सरकू देईना, न जाणो पुढील ओळही वाचिली जाईल. आणि सबोहत रोज येते, तेच अक्षर गिरविते, आणि चादरीकडे पाहून सोन्याचे दात दाखवून म्हणते, "सावकाश शिकव गं. मला कुठे घाई आहे? चहा तर रोजच आहे."