थेट खात्यात, पण हळू आवाजात

पत्र आलं तेव्हा पाळणाघरातल्या मावशी एका हाताने नाक पुसत होत्या आणि दुसऱ्या हाताने बूट शोधत होत्या. नाक एकाचं होतं, बूट दुसऱ्याचा. त्यामुळे पत्र फोडलं ते त्यांच्या यजमानांनी, आणि तिथेच घात झाला.

यजमान म्हणजे निवृत्त पोस्टमन. सगळी आळी त्यांना काका म्हणे. पत्रात लिहिलं होतं की बालसंगोपन योजनेचे पैसे आजवर चेकने टपालातून येत असत, ते आता बंद. पुढच्या महिन्यापासून रक्कम थेट बँक खात्यात जमा होईल. सोबतचा फॉर्म ऑनलाइन भरावा, खात्याची पडताळणी फोनवरून केली जाईल. महिनाअखेरपर्यंत हे झालं नाही, तर पाळणाघराचं नाव यादीतून काढून मुलांना नदीपलीकडच्या मोठ्या केंद्रात हलवण्यात येईल.

"थेट म्हणजे?" काकांनी चष्मा काढला. "मधे कोणीच नाही?"

"मधे कशाला कोण हवंय?"

"अगं, पोस्टमन येतो, बेल वाजवतो, तू सही करतेस, तो घोटभर पाणी पितो. याला व्यवहार म्हणतात. थेट म्हणे! उद्या मुलंसुद्धा वायरीतून थेट पाठवतील."

"पाठवू देत. बूट तरी हरवणार नाहीत. तुम्ही तेवढा फॉर्म भरा."

काकांनी फॉर्म भरला. चौदाच्या चौदा रकाने, मोत्यासारखं अक्षर. मग तो पाकिटात घातला, तिकीट चिकटवलं आणि कोपऱ्यावरच्या पेटीत टाकला. 'ऑनलाइन भरावा' हे वाक्य त्यांना दिसलं नव्हतं असं नाही. दिसलं होतं, पण त्यांनी त्याला ओळख दिली नाही. पाकिटानेही मालकाचा मान राखला. कार्यालय बसने अकरा थांबे दूर, आणि तिथे पोचायला पाकिटाला एकोणीस दिवस लागले. महिना संपायला चार दिवस उरले होते.

हे कळल्यावर मावशींनी काकांशी दीड दिवस अबोला धरला. काकांना तो जरा लवकरच संपला असं वाटलं.

मावशींना मात्र मुलांची काळजी लागली होती. सहा मुलं त्यांच्याकडे असत. त्यांतला एक बोट्या. वय अडीच, आई इस्पितळाच्या धुलाईखान्यात कामाला. हा पठ्ठ्या कोणाचं तरी बोट मुठीत धरल्याशिवाय झोपत नसे. पहिले चार महिने तर तो झोपलाच नाही, नुसता दाराकडे बघत बसायचा. आता कुठे मावशींचं बोट धरून दोन तास गाढ झोपू लागला होता. नदीपलीकडच्या केंद्रात साठ मुलं आणि बायका चार. तिथे याला बोट कोण देणार? या एका विचाराने मावशींच्या डोळ्यांत पाणी यायचं, आणि मग त्या काकांकडे अशा बघायच्या, की काका आपणहून भांडी घासायला घ्यायचे.

पडताळणीचा फोन आला तो नेमका दुपारी पावणेदोनला. दुसरी कुठली वेळ सरकारला सुचली असती तर सरकार कसलं? एक ते तीन ही त्या घरातली झोपेची वेळ. या वेळात तिथे कुकरसुद्धा शिटी देत नसे. मावशी मुलांच्या मधोमध आडव्या होत्या. फोन उशाखाली थरथरला, तसा त्यांनी तो कानाला लावला आणि कुजबुजल्या, "हॅलो."

पलीकडे पडताळणी विभागातला कारकून होता. माणूस भला, पण आदल्याच दिवशी त्याचं एक प्रशिक्षण झालं होतं. लोकांना धाकदपटशा दाखवून त्यांच्या नावाचे पैसे कोणी आपल्याकडे वळवत असेल तर ते कसं ओळखावं, याचं. त्याच्या टेबलावर लक्षणांची यादी चिकटवलेली होती. पहिलं लक्षण, बोलणारी व्यक्ती हळू आवाजात बोलते.

"जरा मोठ्याने बोलता का?" कारकून म्हणाला.

"नाही हो बोलता येत."

"का?"

"ऐकतील."

कारकुनाने यादीवर एक खूण केली. "तुमच्याबरोबर किती जण आहेत?"

"सहा. आणि आमचे हे. पण ह्यांचा काही उपयोग नाही."

"तुम्ही बाहेर येऊन बोलू शकाल?"

"कशी येणार? एकाने बोट धरून ठेवलंय, दुसरा पायावर पडलाय. जरा हलले तरी कळतं त्यांना."

"दार?" कारकुनाचाही आवाज आता खाली गेला होता.

"कडी लावलीय. नाहीतर पळतात."

"त्यांच्यापैकी कोणाच्या हातात काही आहे?"

मावशींनी मान वळवून पाहिलं. सर्दीने भरलेल्या नाकातून सतत वाफ सोडल्यासारखा आवाज काढणारा, म्हणून ज्याला इंजिन म्हणत, तो छातीशी खेळण्यातला हातोडा कवटाळून झोपला होता. "एकाकडे हातोडा आहे," त्या म्हणाल्या. "पण तो मी झोप लागली की काढून घेते."

कारकुनाला घाम फुटला. "बाई, घाबरू नका. फक्त एवढंच सांगा. हे लोक तुम्हाला त्रास देत असतील तर एकदा खोका."

मावशी गोंधळल्या. सरकारी पडताळणीत खोकायचं कशाला, हे विचारावं म्हणून त्यांनी तोंड उघडलं. तेवढ्यात इंजिन झोपेत खोकलं. एकदा नव्हे, चांगलं दोनदा. फोन कट झाला.

पाच मिनिटांत मेसेज आला. 'आपला अर्ज रोखण्यात आला आहे. तपासनीस उद्या येतील. धीर धरा.'

"बघा!" काका हळूच म्हणाले. "टपालाने आलेलं पत्र कधी असं घाबरवत नाही."

मावशींनी नुसतं त्यांच्याकडे पाहिलं, आणि काका भांडी घासायला गेले.

दुसरा दिवस महिन्याचा शेवटचा. तपासनीस बाई आल्या त्या दीडच्या ठोक्याला. सव्वीस वर्षांची नोकरी, सगळ्या प्रकारची दारं पाहिलेली, पण इथे त्यांनी बेलकडे हात नेताच दार उघडलं, एक म्हातारा बाहेर आला, त्याने त्यांचं मनगट धरलं, ओठांवर बोट ठेवलं आणि त्यांना आत ओढलं.

"बाई कुठे आहेत?" तपासनीस बाईंनी शक्य तितक्या कडक आवाजात विचारलं.

काकांनी खाली बोट दाखवलं. सहा छोट्या गाद्या, सहा उघडी तोंडं, आणि मधे आडव्या झालेल्या मावशी. एकाने त्यांचं बोट धरलं होतं, दुसरा त्यांच्या पायावर पडला होता. हातोडा उशाशी होता. तपासनीस बाईंनी हातातला कारकुनाचा अहवाल पाहिला, गाद्या पाहिल्या, पुन्हा अहवाल पाहिला. मग त्या भिंतीला टेकल्या आणि तोंडावर रुमाल दाबून गदागदा हसल्या.

"काम दोन मिनिटांचं आहे," त्या कुजबुजल्या. "मी शेरा लिहिते, तुम्ही सही करा."

मावशी उठायला लागल्या आणि बोट्याची मूठ सुटली. झोपेतच तो चाचपडला. वाकून उभ्या असलेल्या तपासनीस बाईंचं बोट त्याच्या हाताला लागलं, ते त्याने घट्ट धरलं आणि छातीशी नेलं. बोटामागोमाग बाईंनाही खाली बसावं लागलं.

"सोडवू का?" बाई म्हणाल्या.

"सोडवाल तर सहाही उठतील. जरा ढिला पडू दे."

बोट्या ढिला पडायची वाट बघता बघता बाई आधी टेकल्या, मग कलंडल्या. घरी दोन आजारी म्हातारी माणसं, येताजाता दोन-दोन बस, कित्येक वर्षांत दुपारी पाठ टेकलेली नाही. त्यांचा डोळा लागला. मावशी रात्रभर काळजीने जाग्या होत्या, त्यांनी पाच मिनिटं पडते असं ठरवलं. काका खुर्चीत होते, त्यांना ठरवायचीही गरज पडली नाही. मोठी माणसं बडबडली नाहीत तर मुलं किती वेळ झोपू शकतात, याचा त्या दिवशी त्या घरात उच्चांक झाला.

"सव्वाचार!" तपासनीस बाई किंचाळल्या, पण कुजबुजत. त्या घराची सवय पावणेतीन तासांत लागते. "पाचला खिडकी बंद होते!"

त्यांनी मोकळ्या हाताने, गुडघ्यावर कागद ठेवून शेरा लिहिला. 'दडपण आढळले. दडपण आणणारे इसम सहा, वय दोन ते चार. खाते नोंदवण्यास हरकत नाही.' मग उठायला गेल्या, तर बोट्याने दुसऱ्या हातानेही बोट पकडलं.

"तुम्ही पळा," त्या मावशींना म्हणाल्या. "मी बसते इथे. सव्वीस वर्षं पाळणाघरं तपासतेय, एक दिवस सांभाळून बघते."

मावशी धावल्या. पाचाला बारा कमी असताना त्या खिडकीशी पोचल्या. कारकुनाने शेरा वाचला, त्याचा चेहरा उजळला. "म्हणजे तुम्ही त्या? सुखरूप आहात ना?"

"हो, मीच ती!" मावशी म्हणाल्या.

आता, मावशींचा उघड्यावरचा आवाज हा मैदानाच्या दुसऱ्या टोकाला झाडावर चढलेल्या मुलाला खाली उतरवणारा आवाज होता. कारकुनाच्या टेबलावरच्या टाचण्या हलल्या. त्याच्या चेहऱ्यावरचा उजेड गेला.

"कालच्या बाईंचा आवाज असा नव्हता," तो म्हणाला. "आणि हा कागद तपासनीस बाईंनी स्वतः का नाही आणला?"

"कशा आणतील? त्यांना धरून ठेवलंय!"

"कोणी?"

"बोट्याने!"

कारकुनाचा हात फोनकडे गेला. मावशींनी कपाळाला हात लावला. नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं म्हणतात, इथे तर नवरदेवच पोलिसांना बोलवायला निघाला होता. मग त्यांना सुचलं. त्या खिडकीत वाकल्या आणि कुजबुजल्या, "अहो, सहा जण आहेत, आणि आमचे हे."

"काय? ऐकू नाही आलं."

त्या पुन्हा कुजबुजल्या. पंखे घरघरत होते, कोणी शिक्के मारत होतं, कोणी फोनवर भांडत होतं. शेवटी कारकून उभा राहिला आणि ओरडला, "दोन मिनिटं सगळे गप्प बसा!"

सरकारी कार्यालयात असं कोणी कधी म्हटलं नव्हतं, त्यामुळे सगळे खरंच गप्प बसले. मावशींनी कालचं सगळं संभाषण हळू आवाजात म्हणून दाखवलं. "त्याच!" कारकून आनंदाने म्हणाला. आणि त्या शांततेत, आतल्या बंद केबिनमधून, एक लांब, भरदार घोरणं ऐकू आलं. सगळ्यांनी आपापल्या फाइलींत डोकं घातलं.

"आता फक्त साहेबांची सही," कारकून पडल्या आवाजात म्हणाला. "पण साहेब मीटिंगमध्ये आहेत."

"कोणाबरोबर?"

कारकुनाने बंद दाराकडे बोट केलं. केबिन बोललं.

"मग उठवा की!"

"मागच्या महिन्यात शिपायाने उठवलं होतं. तो आता तळघरात जुन्या फाइली सांभाळतो. आणि असं मधेच उठवलं की साहेब आठवडाभर एकाही कागदावर सही करत नाहीत."

घड्याळात पाचाला सहा कमी होते. मावशींच्या डोळ्यांसमोर नदीपलीकडच्या केंद्रात दाराकडे बघत बसलेला बोट्या आला. "उठवायचीसुद्धा एक रीत असते," असं म्हणून त्यांनी कारकुनाच्या हातातला फॉर्म घेतला, चपला बाहेर काढल्या आणि दार ढकललं.

साहेब टेबलावर गाल टेकून झोपले होते. चष्मा कपाळावर चढलेला, तोंड किंचित उघडं. मावशींनी एका नजरेत ओळखलं, झोप संपत आलीय, पण दचकवलं तर रडारड होणार. त्या शेजारी बसल्या. साहेबांच्या पाठीवर हात ठेवून हळूहळू गोल फिरवू लागल्या. चष्मा अलगद खाली नाकावर आणला. जाग आल्यावर हाताला काहीतरी लागलं की मुलं बावरत नाहीत, म्हणून मुठीत पेन दिलं. दाराच्या फटीत अख्खं कार्यालय श्वास रोखून उभं होतं.

"झाली हं झोप," मावशी त्यांच्या कानाशी म्हणाल्या. "चला बघू. शहाणं कोण आहे आमचं?"

घोरणं थांबलं. साहेबांनी एक डोळा उघडला. समोरची बाई कोण हे त्यांना कळलं नाही, पण पाठीवरचा हात ओळखीचा वाटला असावा. खालचा ओठ जरासा थरथरला.

"आई आली न्यायला?" साहेबांनी विचारलं.

"आलीच हं ती," मावशी म्हणाल्या. "तोवर इथे सही कर बघू."

साहेबांनी मुकाट्याने सही केली, आणि आणखी एक कागद मागितला.