दादाचा ओला राग

वाळवण्याच्या कामात माझा हात धरणारा कुणी नाही, असं मी परवापर्यंत छाती ठोकून सांगायचो. आता कुणी तो विषय काढला, तर रंधा फेकून मारीन!

आम्ही दोघे भाऊ सुतार, एकाच कारखान्यात. आमचं पोट चालतं ते घाईवर. घाई म्हणजे डोंगरातल्या एका झाडाचा डिंक. करपलेल्या दुधासारखा वास येतो त्याला. ज्याला फासाल त्याचा काळ सुसाट पळतो. ओल्या फळीला जाड थर द्या, हात धुऊन येईपर्यंत फळी वर्षभर वाळलेली! घाई न लावता ओलं लाकूड वापरलंत, तर ते गिऱ्हाइकाच्या घरी जाऊन वाकतं.

आणि तेच झालं! औषधवाल्या बाईंचं टेबल आठवड्यात परत आलं. तीन पाय ताठ आणि चौथा असा वाकलेला, की त्यांच्या सगळ्या बाटल्या घरंगळून फुटल्या. दादा म्हणाला, तुझी चूक. मी म्हणालो, तुझी! मग आमचं बोलणंच बंद. आमच्या घरात जो आधी बोलेल तो हरला, हा नियम. त्यामुळे एकमेकांना शिव्या द्यायच्या त्यासुद्धा वहिनींमार्फत.

"वहिनी, त्यांना सांगा, कामचुकारपणाची हद्द झाली!"

"अगं, त्याला सांग, तोंड सांभाळ म्हणावं!"

वहिनी बिचाऱ्या इकडून तिकडे निरोप पोचवत होत्या. त्यातच माझी नवीकोरी पँट एका धुण्यात विरली. म्हणजे मी किती तापलो असेन बघा!

काल सकाळी तर कहरच झाला. दादाने गवंडी बोलावला! कारखान्याच्या मधोमध दोरी ताणली, विटा उतरवल्या. भिंत घालणार आणि वाटण्या करणार! करवत त्याच्याकडे, रंधा माझ्याकडे. आता करवतीशिवाय रंधा काय चाटायचा? रागाने रात्रभर माझा डोळ्याला डोळा लागला नव्हता, त्यात हे!

तेव्हा मला ती नामी युक्ती सुचली. ओल्या लाकडाला हात घालायचा नाही, आधी वाळवायचं. रागाचंही तसंच! दादाचा राग ओला आहे, त्याच्यावरून एक रात्र आणि एक दिवस जाऊ दे, आपोआप निवळेल. पण गवंडी तर थापी घेऊन दारात उभा! मग एवढा वेळ आणायचा कुठून? घाईतून! मी ताजा डबा फोडला आणि एका खुर्चीच्या बुडाला पातळ हात मारला; वर जो बसेल त्याचाही काळ पळणार!

आता दादाला बसवायचं कसं? मी मोठ्याने म्हणालो, "वहिनी, त्यांना सांगा, त्यांनी केलेली खुर्ची डुगडुगते!"

"डुगडुगते?" दादा गरजला. "माझी खुर्ची?" आणि सिद्ध करायला धाडकन बसला की!

माझी पापणी लवली. दादा नुसता धूसर झाला आणि पुन्हा दिसला. गालांवर दाढीचे खुंट, ओठ कोरडे, डोळे लालभडक. मी मनात म्हटलं, झालं काम, वाळला राग!

"नालायका!" दादा असा ओरडला, की गवंड्याच्या हातातली वीट पडली. "एक अख्खी रात्र! एक अख्खा दिवस! मी उपाशीतापाशी बसलोय आणि तू समोर खांबासारखा उभा! एक शब्द नाही तोंडातून!"

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. काळ त्याचा पळत होता, माझा नव्हे! त्याला मी दगडच दिसणार!

"मग उठायचं ना!" मीही ओरडलो.

"मी का उठू? उठला तो हरला! आणि तुझं तोंड उघडं होतं. वाटलं, आता माफी मागेल, मग मागेल. म्हणून थांबलो, गाढवा!"

राग वाळला होता, पण आमच्या धंद्यातली साधी गोष्ट मी विसरलो होतो. ओलं लाकूड वाकतं तरी, वाळलेलं नुसतं टणक होतं. दादाने खुर्ची उलटी केली, वास घेतला, आणि जी तोफ डागली म्हणता!

"घाई! खुर्चीला लावायला आहे आणि चौथ्या पायाला नव्हती? अर्धा डबा ठेवला होता मी तुझ्यासाठी!"

"कुठला अर्धा? डबा रिकामा होता! मला वाटलं, चारही पायांना तूच लावलीस!"

"रिकामा? हे आधी का नाही बोललास?"

"वहिनींना सांगितलं होतं की निरोप द्यायला!"

"मीही तिलाच सांगितलं होतं, अर्धा डबा ठेवला होता म्हणून!"

दोघांनी माना वळवल्या. वहिनी दारात पदराशी चाळा करत उभ्या.

"अहो, कपडे वाळत नव्हते," त्या म्हणाल्या. "म्हटलं, थोडी घाई बादलीत टाकावी. तेवढा डब्याचा भाग मी निरोपातून गाळला."

"माझी पँट!" मी किंचाळलो.

"ओरडा, खुशाल ओरडा!" वहिनी उसळल्या. "दोन घोडे भाऊ, एकमेकांशी चार शब्द बोलले असते तर माझी चोरी त्याच दिवशी पकडली असती! आणि काय हो गवंडीदादा, बघताय काय? काढा ती दोरी! विटा आणल्याच आहेत, तर मागे कपड्यांच्या तारेला दोन खांब बांधा!"

कुणाची बिशाद होती नाही म्हणायची! खांब उभे राहिले, भिंत मात्र राहूनच गेली. दादा धुसफुसत जेवायला बसला, मीही धुसफुसत शेजारी बसलो. अर्ध्या जेवणावर तो माझ्याकडे न बघता म्हणाला, "माफीच मागणार होतास ना रे तेव्हा?"

"मग काय तर, दादा!" मी म्हणालो. त्याने स्वतःच्या ताटातली पोळी माझ्या ताटात टाकली.

तुम्ही त्याला सांगणार नाही म्हणून सांगतो. रात्रभर झोप नव्हती हो. मी जांभई देत होतो!