भिंगारच्या गच्चीवरील मोर्चेबंदी

शके एकोणीसशे सत्तेचाळीस, विश्वावसु नाम संवत्सरे, वैशाख मासी भिंगार मुक्कामी जे घडले ते पदरचे काही न घालता लिहिले आहे. वाचणारांनी खातरजमा करावी.

नगरचे शामकांतपंत मास्तर यांची कन्या मनवाबाई, वास्तुकलेची पदवीधर, हिने मनी धरिले की शहर बदलते, जुने सज्जे पडतात, नावही पालटले, तरी या सर्वांचा प्रायोगिक लघुपट करावा, आणि त्यात मनुष्य नसावे, शब्द नसावा, केवळ भिंतींनी बोलावे. मग खबर लागली की भिंगारच्या बाजारातील लाकडी सज्जाचे घर सकाळी दहास जेसीबी येऊन पाडणार. फौज म्हणावी तर एक कॅमेरा आणि एक तिपाई. ती घेऊन स्वारीने रिक्षातून कूच केले आणि समोरील गच्ची गाठिली.

तो गच्चीवर लंकाबाई साहेब, वय पंच्याहत्तर, आणि कुरडयांचा तळ चौफेर पडलेला, पाऊल ठेवण्यास तसूभर जागा नाही. हुकूम जाहला की चपला खाली काढाव्या, आणि एकही कुरडई मोडल्यास गय होणार नाही. मग तह ठरला की मनवाबाईने स्वहस्ते तळ एका अंगास हलवावा. ती उकिडवी बसोन कुरडया हलवू लागली, आणि खाली जेसीबीची घरघर ऐकोन हात अधिकच चपळ चालवू लागली. अखेर तिपाई उभी राहिली.

"पिच्चरमधी मान्सं कोन कोन हायेत?" लंकाबाईंनी पुसिले.

"माणसं नाहीत, मावशी. नुसत्या भिंती."

"मग बगायचं काय त्यात?"

मनवाबाईने डोळा कॅमेऱ्यास लाविला. इतक्यात यंत्राने सोंड उगारिली, सज्जा कोसळला, आणि धुरळा बसतो तो आतील खोली उघडी पडली. निळा रंग, एक कोनाडा, एक खुंटी. लंकाबाई कठड्यावरून खाली वाकल्या.

"आगं, माजी मालन ह्याच खोलीत जन्मली. सतरा वर्सं भाड्यानं ऱ्हायलो आमी."

हा कापरा आवाज कॅमेऱ्यात दाखल जाहला. मग मनवाबाईस पेच पडला. आवाज ठेवावा तर मनसुबा मोडतो, आणि काढावा तर खोलीची नुसती भिंत होते. तीन दिवस अन्न गोड लागेना. चौथे दिवशी तिने आपलाच नियम बरखास्त केला.

आषाढात नगरच्या एका छोट्या सभागृहात लघुपट दाखविला. प्रेक्षक एकोणीस, पैकी दोन पंख्याखाली निद्रिस्त. बराच वेळ भिंतीच भिंती चालल्या, लोक मोबाईल काढू लागले. मग निळी खोली आली, आवाज आला, आणि मोबाईल खिशात परतले. दिवे लागताच एका गृहस्थाने पुसिले की हे गाव कोणते. मनवाबाई जबाब देणार, तो पहिल्या रांगेतून लंकाबाई पदर सावरोन उठल्या.

"भिंगार हाय. माजं घर हुतं ते."

मग टाळ्या जाहल्या, आणि निजलेले दोघेही दचकोन उठले व टाळ्या पिटू लागले. मोहीम फत्ते जाहली. फत्तेचा मान सर्वस्वी लंकाबाईंकडे गेला, आणि मनवाबाईने तो राजीखुशीने जाऊ दिला, हे सत्य म्हणोन नमूद केले.