अर्विनपंतांनी आपल्याच लिखाणावर केलेली स्वारी

श्रीचित्रदेवता प्रसन्न. धन्यांनी आज्ञा केली की, परमुलखी, पश्चिम समुद्राचे काठी पडद्यावरील सावल्यांचे राज्य आहे, तेथे लेखणीबहाद्दरांची गत काय होते ते कळवावे. त्याजवरून कानी आले तैसे, पदरचे तिखटमीठ बेताने घालून, लिहिले ऐसीजे.

शके अठराशे चौऱ्याहत्तर, नंदननाम संवत्सरी त्या राज्यात अर्विनपंत म्हणोन नामी पटकथाकार होते. त्यांस चौकशीमंडळाने पुसिले, "तुमचे लाल बावट्याचे सोबती कोण कोण, त्यांची नावे द्या." पंत बोलिले, "मी पात्रांस नावे देतो, माणसांची देत नाही." मंडळ कोपले आणि हुकूम सुटला की, यांचे नाव कोणत्याही चित्रपटावर येऊ नये. मग पंतांनी युक्ती केली आणि मेहुणे मोर्टीराव, जे टोप्या विकीत आणि ज्यांनी उभ्या जन्मात साधे पत्र लिहिले नव्हते, त्यांचे नावे दीपगृहाच्या म्हाताऱ्या रखवालदाराची आणि त्याच्या लेकीची कथा लिहून क्रॉसवेल सरकारांचे स्टुडिओत रुजू केली. सरकार वाचून रडले, रुमाल भिजविला आणि नाक पुसोन म्हणाले, "उत्तम! आता दुसऱ्याकडून दुरुस्त करवा." कारण त्या राज्याची रीतच ऐसी की, एकाचे लिखाण दुसऱ्याने नासल्यावाचून कॅमेरा फिरत नसे. मग सरकारांनी मागल्या दाराने पंतांसच पाचारिले आणि सांगितले, "हा मोर्टी कोणी नवशिका आहे, तुम्ही जाणते. लेखकांची पंचायत नावे झाकून दोन्ही मसुदे वाचेल. अर्ध्याहून अधिक बदललेत तर पडद्यावर नाव तुमचे, आणि बंदी उठविणे आमचे काम."

मग पंत आपणच आपल्यावर चालून गेले. वादळ कापिले, रखवालदारास घोडा दिला. दीपगृहात घोडा कशास, हे घोड्यासही उमगेना. इतक्यात मोर्टीराव तणतणत आले. "दाजी, माझ्या कथेची ही काय दशा?"

"तुझ्या?" पंत गरजले.

"लोक रस्त्यात थांबवून मला शाबासकी देतात! टोप्यांपायी कधी कोणी दिली नाही. शेवट तरी राखा. बाप लेकीस नावेत बसवितो आणि शब्द बोलत नाही, तो."

"तोच बदलला की अर्ध्यावर जाते."

पंतांच्या पत्नी रूथबाई आतून बोलिल्या, "मग बदला की! घरी बसोन माझ्या आमटीचे संवाद सुधारता, ते तरी थांबेल."

मग पंतांनी बापाचे तोंडी भाषण घातले आणि खोडिले, आणि दुसरे घातले, तेही खोडिले, आणि बापास नुसता खोकला दिला, तोही सोसेना. मग लेखणी खाली ठेविली आणि तो प्रसंग होता तैसा राहू दिला.

पंचायतीने निवाडा दिला की, दुसऱ्या लेखकाचा बदल अर्ध्याहून उणा, सबब नाव एकट्या मोर्टीरावांचे. शिवाय दुसऱ्यास समज द्यावी की, घोड्याचा सोस सोडावा आणि शेवट कैसा करावा हे पहिल्या लेखकापासोन शिकावे. पंत ऐकोन म्हणाले, "पंचांस अक्कल आहे."

येणेप्रमाणे अर्विनपंतांकडून अर्विनपंतांचा मोड जाहला, बंदी कायम राहिली, आणि रूथबाईंनी अबोला धरिला. पुढे चित्रपट लागला, तो त्या एकट्या जाऊन शेवटापर्यंत पाहोन आल्या, आणि टोपीही न उतरविता स्वयंपाकघरात शिरोन म्हणाल्या, "हातपाय धुवा, पान वाढते." इतकेच घडले, इतकेच लिहिले.