हिंमत असेल तर खेळ

नीलांबरीने तोच बग, म्हणजे प्रोग्राममधली चूक, ऑफिसच्या यादीत पुन्हा उघडला आणि ब्रायनने तो पुन्हा बंद केला. या वेळी तर त्याने कारण लिहायचेही कष्ट घेतले नव्हते. नुसता एक हसरा चेहरा काढून ठेवला होता. तो चेहरा बघून नीलांबरीच्या डोक्यात तिडीक गेली. खुर्ची मागे ढकलून ती तडक ब्रायनच्या क्युबिकलवर जाऊन थडकली.

"ब्रायन, हा बग आहे."

"फीचर आहे," ब्रायन स्क्रीनवरून नजर न काढता म्हणाला.

"माणसाला न विचारता त्याच्या नावाने मेसेज पाठवायचे, याला तू फीचर म्हणतोस?"

"विचारलं की लोक नाही म्हणतात, नीला."

नाव असं अर्धं केलेलं तिला मुळीच खपत नसे. पण एका वेळी एकच भांडण, असं तिने स्वतःला बजावलं. भांडण इंग्रजीत चाललं होतं, राग मात्र अस्सल मराठीतला होता.

सनीव्हेलमधल्या या कंपनीचं एकच उत्पादन होतं, ‘हडल’. नीलांबरी पुण्याहून येऊन इथे टेस्टिंगला लागली, तेव्हा हडल म्हणजे फोनवरच्या खेळांच्या तळाशी असलेली एक गरीब बिचारी खिडकी होती. खेळ संपला की तुमचा स्कोर कंपनीकडे जायचा आणि देशभरात तुमचा नंबर कितवा ते कळायचं, बस्. मग त्यात टोपणनावं आली. मग मित्र जोडता येऊ लागले, त्यांना आव्हान देता येऊ लागलं. आधी ज्याला हवं तो डाउनलोड करायचा. पुढे एका मोठ्या फोन कंपनीशी करार झाला आणि हडल प्रत्येक नव्या फोनमध्ये आधीच बसून यायला लागलं. ते काढून टाकायची सोय नव्हती. इथपर्यंत नीलांबरीने सगळं प्रेमाने तपासलं होतं, पोटच्या पोरासारखं.

आणि मग ब्रायन प्रॉडक्ट मॅनेजर म्हणून आला. त्याच्या नव्या आवृत्तीत तुम्ही एक डाव जिंकलात की हडल तुमचं अख्खं फोनबुक उघडायचं आणि त्यातल्या प्रत्येकाला तुमच्या नावाने आव्हान पाठवायचं. नुसतं आव्हान नाही, सोबत एक टोमणाही. डाव जितका भारी, तितका टोमणा तिखट. हे टोमणे ब्रायनने स्वतः लिहिले होते आणि त्याला त्यांचा फार अभिमान होता.

"फोनबुकात फक्त मित्र नसतात, ब्रायन. डेंटिस्ट असतो, वकील असतो, घटस्फोट झालेला नवरा असतो!"

"ग्रेट," ब्रायन म्हणाला. "तेही खेळतील."

त्याच संध्याकाळी त्याचा ईमेल आला. नवी आवृत्ती देशभरच्या फोनांवर गेली होती; आता ऑफिसातल्या सगळ्यांनीही ती आपापल्या रोजच्या फोनवर टाकावी आणि वीकेंडला मनसोक्त खेळावं. नीलांबरीने दात-ओठ खात ती फोनवर टाकली आणि शपथ घेतली, की आपण एकही डाव खेळायचा नाही.

ती शपथ तिने पाळलीसुद्धा. तिच्या सासऱ्यांनी मात्र अशी कुठलीच शपथ घेतलेली नव्हती.

चंद्रशेखरराव नागपूरहून सहा महिन्यांसाठी मुलाकडे आले होते. आयुष्यभर पाटबंधारे खात्यात चारचौघांवर ओरडून काम करवून घेतलेला माणूस. इथे ओरडायला कोणी नव्हतं. परीक्षित आणि नीलांबरी दिवसभर कामावर, रस्त्याने बघावं तर गाड्याच गाड्या, चालणारं माणूस नाही. शनिवारी सकाळी दोघं आठवड्याचं सामान आणायला गेली आणि नीलांबरीचा फोन चार्जिंगला लावलेला घरीच राहिला. बाबांनी तो सहज उचलला. त्यात बोलिंगचा एक खेळ होता.

दोघं परत आली तेव्हा बाबा सोफ्याच्या टोकावर बसून फोनवर अंगठा आपटत होते. चष्मा कपाळावर, चेहरा लालबुंद.

"नीलांबरी बेटा, हा भारी खेळ आहे बरं का! बोलिंग म्हटलं म्हणून मी उघडलं, तर समोर बॅट्समनच नाही. नुसत्या बाटल्या उभ्या. पण मी काही सोडतो का? एकेक करून सगळ्या आडव्या केल्या!"

नीलांबरीच्या हातातली पिशवी खाली आली. आतले टोमॅटो सोफ्याखाली गेले.

"बाबा, किती डाव खेळलात?"

"मोजले कोणी? जिंकूनच राहिलो होतो."

तिने झडप घालून फोन घेतला. घेतल्या घेतल्या तो तिच्या हातात थरथरला. पहिलं उत्तर मैत्रीण रेणूचं होतं. तिला इंग्रजी थाटात ‘चिकन’, म्हणजे भित्री, असं हिणवलं गेलं होतं. ‘चिकन? म्हणजे काय? मी शाकाहारी आहे, विसरलीस?’ त्याखाली डेंटिस्टच्या रिसेप्शनिस्टचं होतं. ‘रडू येतंय का’ या तुमच्या प्रश्नाचा अर्थ कळला नाही, परंतु मंगळवारची अपॉइंटमेंट कायम आहे. त्याखाली घरमालकाचं होतं. त्याला ‘तुझे दिवस भरले’ असा मेसेज गेला होता आणि ही धमकी समजायची का, असं त्याने अत्यंत सभ्य शब्दांत विचारलं होतं.

"अरे देवा," परीक्षित तिच्या खांद्यावरून वाचत म्हणाला आणि त्याला हसू फुटलं.

"हसतोस काय? हसतोस काय तू? घरमालक आहे तो!"

"अगं पण यार, डेंटिस्टला रडू येतंय का..."

"परीक्षित, एक शब्द बोललास तर बघ!"

"पण मी काय केलं?" बाबांचाही आवाज चढला. "तुमच्या घरात माणसाने एक खेळ खेळायचा नाही? सांगून टाका तसं. मी उद्याच्या विमानाने नागपूरला जातो!"

तेवढ्यात फोन वाजला. सुलभाकाकू. सुलभाकाकू म्हणजे इथल्या मराठी मंडळाच्या अध्यक्ष. गणेशोत्सवात नीलांबरी निवेदन करत असताना त्यांनी मधेच उठून माइक काढून घेतला होता, वेळ संपली म्हणून. तेव्हापासून दोघींमध्ये चकार शब्द नव्हता.

"नीलांबरी, मी सुलभा बोलतेय. ‘हे वय आहे का तुझं, आजीबाई?’ असं तू मला लिहिलंस?"

"काकू, ते मी नाही..."

"तुझ्या नावाने आलंय. आणि एकदा नाही, मी पूजेला बसले होते तेव्हा सारखं टिंग टिंग चालू होतं. माइकचा राग असा काढतेस? समोर येऊन बोलायची हिंमत नाही?"

"काकू, अहो, मी घरातच नव्हते, माझे सासरे..."

पुढचं बोलायला मिळालंच नाही. बाबांनी तिच्या हातातून फोन घेतला. भांडण आयतं चालून आल्यावर गप्प बसणं त्यांच्या रक्तात नव्हतं.

"नमस्कार. मी चंद्रशेखर, हिचा सासरा. खेळत मी होतो. ते मेसेज या यंत्राने पाठवले, मी नाही. पण तुम्ही माझ्या सुनेवर कशाला ओरडून राहिल्या?"

पलीकडून बराच वेळ आवाज येत राहिला. बाबा ताठ होत गेले.

"असं? मग तुमच्या फोनमध्ये हा खेळ आहे का? मुलाने नवा घेऊन दिला म्हणता, मग असेलच. टाका बॉल! बघू दे मला, काय वय आहे ते!"

आणि त्यांनी खाडकन फोन बंद केला. नीलांबरी डोकं धरून खुर्चीत बसली. आपलं आणखी काय वाईट व्हायचं राहिलंय, असा विचार ती करत होती, तोच ईमेल आला. लिंडाचा. लिंडा म्हणजे कंपनीची डायरेक्टर, ब्रायनची बॉस. दोनच ओळी होत्या. ‘तुझा लूझर म्हणणारा मेसेज मिळाला. सोमवारी सकाळी मला भेट.’

आता परीक्षितचंही हसू थांबलं. नीलांबरीच्या ग्रीन कार्डाचा अर्ज या कंपनीने भरला होता. नोकरी गेली की अर्ज गेला, आणि अर्ज गेला की दोघांची बांधाबांध.

"तू तिला सॉरी म्हण," परीक्षित म्हणाला. "नीट समजावून सांग."

"सॉरी? मी म्हणू? मी गेला महिनाभर घसा फोडून सांगतेय की हे असंच होणार, आणि सॉरी मी म्हणू?" सोफ्याखालचे टोमॅटो तिने एकेक करून बाहेर काढले आणि असे काही पिशवीत टाकले, की त्यांची चटणी तिथेच झाली.

रविवार अबोल्यात गेला. घरमालकाला तिने फोन करून समजावलं. त्याने समजलं असं म्हटलं, पण दाराला आतून कडी घातल्याचा आवाज तिला फोनवर स्पष्ट ऐकू आला. बाबा खोलीतून फक्त जेवायला बाहेर आले.

सोमवारी ती लिंडाच्या खोलीत गेली, तर ब्रायन आधीच तिथे पाय पसरून बसलेला. भिंतीवर एक आलेख लावलेला, आणि त्यातली एक रेघ शनिवारी सकाळी सरळ आभाळात गेलेली.

"हे बघ, नीला," ब्रायनचा चेहरा फुलून आला होता. "सनीव्हेलमधला एकच यूजर. एका सकाळभरात याच्याएवढी आव्हानं अख्ख्या ओहायो राज्याने पाठवली नाहीत. आणि लोकांनी उत्तरं दिली! याला म्हणतात यश."

"तो यूजर मी आहे," नीलांबरी म्हणाली. "म्हणजे माझे सासरे. आणि लोकांनी उत्तरं दिली ती चिडून. माझ्या घरमालकाला वाटतंय मी त्याला मारणार आहे. लिंडा, तुला तो मेसेज मी पाठवला नव्हता. याने लिहिलेला होता. माझं नाव लावून!"

लिंडाने ब्रायनकडे बघितलं. ब्रायनने खांदे उडवले. "थोडीफार तक्रार असणारच. बाकी जग आनंदात खेळतंय."

इथे नीलांबरीचा बांध फुटला. माइक काढून घेतला होता तेव्हा ती गप्प बसली होती, नाव अर्धं केलं तेव्हा गप्प बसली होती. आता तिने टेबलापलीकडे हात पुढे केला.

"दे."

"काय?"

"तुझा फोन. मी एक डाव खेळते. फक्त एक."

ब्रायनचा हात आपोआप खिशावर गेला. "कशाला?"

"लिंडाला बघू दे ना, जग किती आनंदात खेळतंय. दे, ब्रायन. हिंमत असेल तर दे!"

"माझ्या फोनमध्ये... कामाचे नंबर आहेत."

"ग्रेट. तेही खेळतील."

"माझ्या मुलीची प्रिन्सिपल आहे त्यात," ब्रायन हळू आवाजात म्हणाला. "आणि माझ्या बायकोचा वकील."

लिंडाने आपला चष्मा काढून टेबलावर ठेवला. "ब्रायन, फोन दाखव."

त्याने नाइलाजाने काढून दिला. लिंडाने हडल उघडलं. पडद्यावर जुनी गरीब बिचारी खिडकी उघडली, फोनबुकाला हात न लावणारी. सगळ्या ऑफिसला सक्ती करणाऱ्या माणसाने स्वतःच्या फोनवर नवी आवृत्ती टाकलीच नव्हती.

"पुढच्या आवृत्तीत प्रत्येक आव्हानाआधी माणसाला विचारायचं," लिंडा म्हणाली. "पाठवू का, हो की नाही. आणि तो प्रश्न नीलांबरी लिहील." मग जरा थांबून ती म्हणाली, "आणि हो, ब्रायन, तिचं नाव नीलांबरी आहे."

महिन्याभरात नवी आवृत्ती देशभरच्या फोनांवर गेली. नीलांबरीने तो प्रश्न सतरा वेळा लिहून खोडला होता. ‘हे आव्हान अमुक व्यक्तीला पाठवायचं का? तुमची खात्री आहे का?’ फोनबुकातल्या प्रत्येक माणसासाठी वेगळा प्रश्न, उगाच धोका नको. आवृत्ती बाहेर पडली त्या दिवशी ती कित्येक आठवड्यांनी हसतमुखाने घरी आली. येताना बाबांसाठी मिठाईसुद्धा आणली. झालं गेलं विसरून जावं असं तिच्या मनात होतं.

दार उघडलं तर आत आरडाओरडा चालला होता. बाबांच्या हातात परीक्षितने त्यांना घेऊन दिलेला नवा फोन, आणि त्याच्या स्पीकरवर सुलभाकाकू. दोघंही संतापलेले. पण कान देऊन ऐकल्यावर तिला कळलं, की या वेळी ते एकमेकांवर संतापलेले नव्हते.

"अहो, मला विचारतो हा!" सुलभाकाकू ओरडत होत्या. "तुम्हाला आव्हान द्यायचं तर म्हणे खात्री आहे का! महिनाभर रोज सकाळ-संध्याकाळ खेळतोय आपण, आणि आता मी परवानगी मागायची?"

"माझंही तेच!" बाबा म्हणाले. "एक बाटली पाडावी तर याचे शंभर प्रश्न. माझ्या खात्यात असा कारकून असता ना, तर गडचिरोलीला बदली केली असती!"

"सगळी मजा घालवली मेल्याने. चांगला झटकन टोमणा जायचा. कोणाच्या डोक्यातून निघालं हे?"

नीलांबरी मिठाईचा बॉक्स हातात धरून दारातच उभी राहिली. तिच्या कानशिलांपासून मानेपर्यंत ऊन ऊन लाट गेली.

बाबांनी तिला बघितलं आणि त्यांचा चेहरा उजळला.

"काही काळजी करू नका, सुलभाताई," ते फोनमध्ये म्हणाले. "ही आलीच बघा आमची सूनबाई. त्याच कंपनीत आहे. चांगली खमकी आहे, डायरेक्टरलासुद्धा ऐकत नाही." मग फोनवर हात ठेवून ते तिच्याकडे वळले. "बेटा, तू फक्त त्या गाढवाचं नाव काढून आण. पुढचं मी आणि सुलभाताई बघतो."